नेपाळच्या पायवाटा : ओझे कोणाचे, मिळकत कोणाची?

नेपाळ पर्यटन मंडळाने १ एप्रिल २०२३ पासून परदेशी पदयात्रींवर परवानाधारक वाटाड्या बरोबर घेण्याची सक्ती केली, तेव्हा युरोप-अमेरिकेतील प्रवासी मंडळींत मोठीच ओरड झाली. हिमालयात एकट्याने हिंडण्याचे आमचे स्वातंत्र्य हिरावून घेतले, असा त्यांचा आक्षेप. वाट चुकून बेपत्ता होणाऱ्यांचे प्रमाण कमी व्हावे आणि देशातील तरुणांना काम मिळावे म्हणून हा नियम आहे, असे मंडळाचे उत्तर. एव्हरेस्टच्या पायथ्याशी असलेल्या खुंबू भागातील गावपालिकेने तर, आमच्या हद्दीत हा नियम लागू होणार नाही, असे सांगून टाकले. अशा रीतीने प्रवासी बोलले, कंपन्या बोलल्या, सरकार बोलले, पालिकाही बोलली. जो माणूस या सर्वांचे सामान पाठीवर घेऊन डोंगर चढतो, त्याचा आवाज मात्र या गदारोळात फारसा ऐकू आला नाही. नेपाळीत त्याला ‘भरिया’ म्हणतात. प्रस्तुत लेखाचा विषय तो आहे. आणि ज्या गावांतून ही यात्रा जाते, ती गावेही.

काठमांडूच्या उत्तरेला, तिबेटच्या सीमेला लागून रसुवा जिल्हा आहे. स्याब्रुबेसीपासून निघून गत्लांग, तातोपानी, नागथली, थुमन, ब्रिद्दिम अशी गावे पाहत फिरणाऱ्या वाटेला ‘तामांग वारसा मार्ग’ असे नाव देण्यात आले आहे. येथून पुढे बहुतेक जण लांगटांग खोऱ्यात चढतात. म्हणजे दहा-बारा दिवसांचा कार्यक्रम होतो. कंपन्यांच्या जाहिरात-पत्रकांत या गावांचे वर्णन ‘अस्पर्श’, ‘काळाने विसरलेली’ अशा शब्दांनी केलेले असते. वाटाड्या इंग्रजी बोलतो, तो पाहुण्यांबरोबर चालतो. भरिया वेगळा चालतो. दोन पाहुण्यांच्या पिशव्या एकत्र बांधून तो डोकोत, म्हणजे बांबूच्या करंडीत घालतो. करंडीचा पट्टा, ज्याला ‘नाम्लो’ म्हणतात, तो कपाळावर घेतो. हातात ‘टोक्मा’ नावाची आखूड काठी असते. दम लागला की ती पाठीमागे करंडीखाली टेकवून उभ्या उभ्या विसावा घ्यायचा. या धंद्यात तीस किलोंची मर्यादा मानली जाते, पण चढणीवर वजनकाटा घेऊन कोणी उभे नसते.

ही गावे काळाने विसरली होती, हे म्हणणे इतिहासाला धरून नाही. राज्यकर्त्यांनी तर त्यांना एक दिवसही विसरू दिले नव्हते. १८५४ साली जंगबहादुर राणाने जो ‘मुलुकी ऐन’ जारी केला, त्यात साऱ्या प्रजेची जातिनिहाय उतरंड कायद्याने ठरवून टाकली. तामांगांची गणना तेव्हा ‘भोटे’ म्हणून ‘मासिन्या मतवाली’ या वर्गात झाली. याचा अर्थ सरळ होता : ज्यांना गुलाम करता येते, असे मद्य पिणारे लोक. काठमांडू खोऱ्याच्या भोवतीच्या डोंगरांत राहणारा हा समाज राजधानीला हाताशी असलेला फुकट मजूर होता. सरकारी सामान एका टप्प्यावरून दुसऱ्या टप्प्यावर पोचवणे, दरबारची गुरे राखणे, राजघराण्याच्या बागांत राबणे, ही कामे वेठीची असत. गुरखा पलटणीत इतर डोंगरी जमातींना भरती मिळे, तामांगांना ती अधिकृतपणे खुली नव्हती. कित्येकांनी गुरुंग असे आडनाव लावून सैन्यात प्रवेश मिळवला. गुलामगिरी कायद्याने संपली ती १९२४-२५ च्या सुमारास. ‘तामांग’ या नावालाच राज्याची मान्यता मिळायला १९३२ उजाडावे लागले, आणि राणांची राजवट कोसळली ती १९५१ मध्ये. ज्याच्या आजोबाने दरबारचे ओझे वेठीने वाहिले, तो नातू आज त्याच चढणीवर परदेशी पाहुण्याचे ओझे मजुरीने वाहतो. वेठ आणि मजुरी यांत फरक निश्चितच आहे, तो नाकारण्याचे कारण नाही. पण मजुरी कोण ठरवतो आणि ती हातात पडेपर्यंत किती हातांतून जाते, हा प्रश्न उरतोच.

नेपाळमध्ये संघटित पदभ्रमणाचा धंदा सुरू केला तो जिमी रॉबर्ट्स या निवृत्त ब्रिटिश सैन्याधिकाऱ्याने, १९६४ मध्ये. गिर्यारोहण मोहिमांची रचना त्याने जशीच्या तशी सहलीला लागू केली : वर साहेब, त्याखाली सरदार, त्याखाली स्वयंपाकी, आणि सर्वांत खाली भरिया. साठ वर्षांत तंबूंची जागा लॉजने घेतली, साहेबांची संख्या हजारोंनी वाढली. उतरंड मात्र फारशी हलली नाही. पाहुणा आपल्या देशातील कंपनीला पैसे देतो, ती काठमांडूच्या कंपनीशी करार करते, काठमांडूची कंपनी वाटाड्याला किंवा सरदाराला नेमते, आणि सरदार भरिया गोळा करतो. शेवटच्या टोकाला असलेल्या माणसाचा मालक कोण, असे विचारले तर चौघेही दुसऱ्याकडे बोट दाखवतात. मालक सापडत नाही, त्यामुळे जबाबदारीही सापडत नाही. हंगामही वर्षातून दोनदाच, शरदात आणि वसंतात. उरलेल्या महिन्यांत शेती, नाहीतर आखातातील किंवा मलेशियातील मजुरी.

‘शेर्पा’ हा शब्द जगभर इतका रूढ झाला आहे की, ओझे वाहणारा प्रत्येक नेपाळी म्हणजे शेर्पा, असा सुशिक्षित माणसाचाही समज असतो. वस्तुतः शेर्पा हे एका जमातीचे नाव आहे, आणि त्या जमातीतील बरेच जण आता लॉजमालक, कंपनीमालक किंवा उंच शिखरांवरील कुशल वाटाडे झाले आहेत. ओझे वाहणारे बहुधा राई, तामांग, मगर अशा मधल्या डोंगरांतील लोक असतात. त्यांनाही विरळ हवेची सवय नसते. पाच हजार मीटरच्या खिंडीत डोके ठणकू लागले, तर पाहुण्यासाठी हेलिकॉप्टर येते, कारण त्याचा विमा असतो. १९९७ मध्ये विरळ हवेने आजारी पडलेल्या एका तरुण भरियाला मागे सोडून देण्यात आले व तो मरण पावला. त्यानंतरच भारवाहकांच्या रक्षणासाठी एक आंतरराष्ट्रीय संस्था उभी राहिली, आणि भरियालाही पाहुण्याइतकेच उबदार कपडे, निवारा व औषधोपचार मिळाले पाहिजेत, ही साधी गोष्ट लेखी स्वरूपात मांडली गेली.

१८ एप्रिल २०१४ रोजी एव्हरेस्टच्या खुंबू हिमप्रपातात हिमकडा कोसळून १६ नेपाळी कामगार ठार झाले. एकेका परवान्यासाठी हजारो डॉलर घेणाऱ्या सरकारने मृतांच्या कुटुंबांना तातडीची मदत म्हणून चाळीस हजार नेपाळी रुपये जाहीर केले. तेव्हा शेर्पांनी काम बंद ठेवले, त्या बाजूचा हंगाम तेथेच संपला आणि सरकारला विम्याची रक्कम वाढवावी लागली. त्याच वर्षी ऑक्टोबरात, हुदहुद चक्रीवादळाचे अवशेष अन्नपूर्णा भागावर येऊन आदळले आणि ५४१६ मीटर उंचीच्या थोरोंग खिंडीत व आसपास चाळीसहून अधिक माणसे मेली. त्यांत पाहुण्यांबरोबर वाटाडे आणि भरियेही होते. पण त्यांनी कोठे काम बंद ठेवायचे? एव्हरेस्टवरचे शेर्पा एका तळावर एकत्र असतात, तेथे सभा भरू शकते. पायवाटेवरचे भरिये दहा वाटांवर, दहा सरदारांच्या हाताखाली विखुरलेले असतात. त्यांच्या लढ्यातील खरी अडचण ही आहे.

गावांची गोष्ट थोडी निराळी आहे. स्यांग्जा जिल्ह्यातील सिरुबारी या गुरुंग गावाने १९९७ मध्ये पाहुण्यांना घरात उतरवण्याची सामुदायिक पद्धत सुरू केली. पाहुणा कोणाच्या घरी उतरणार, हे गावची समिती पाळीने ठरवते. पाहुण्याने घर निवडायचे नाही. बाजारपेठेची सवय असलेल्या माणसाला हे विचित्र वाटेल. पण दारात येणाऱ्या पाहुण्यावरून शेजाऱ्याशेजाऱ्यांत जी ओढाताण होते, तिला यामुळे आळा बसतो, आणि ज्याचे घर वाटेपासून दूर किंवा अंधारे आहे त्यालाही चार पैसे मिळतात. पुढे २००१ ते २००६ या काळात संयुक्त राष्ट्रसंघाच्या विकास कार्यक्रमाच्या आणि ब्रिटिश व डच संस्थांच्या साहाय्याने नेपाळ सरकारने दारिद्र्यनिवारणासाठी ग्रामीण पर्यटनाची योजना राबवली. रसुवाचा तामांग मार्ग हे तिचेच अपत्य. योजना संपली, तज्ज्ञ निघून गेले; ज्याच्याकडे भांडवल होते त्याने वाटेवर लॉज बांधला, आणि ज्याच्याकडे नव्हते त्याच्या चुलीपाशी पाहुणा चहा घेऊन, छायाचित्र काढून पुढे जाऊ लागला. पाळीची पद्धत टिकवायची तर समितीत बळ हवे, आणि ते केवळ सदिच्छेने येत नाही.

त्यानंतर २५ एप्रिल २०१५ चा भूकंप झाला. नेपाळभर सुमारे नऊ हजार माणसे दगावली. लांगटांग गावावर बर्फ आणि दगडांचा कडा कोसळला व क्षणार्धात गाव गाडले गेले. त्या खोऱ्यात दोनशेहून अधिक माणसे मेली, त्यांत गावकरी होते, पाहुणे होते, आणि पाहुण्यांबरोबर आलेले कामगारही होते. तातोपानीचे गरम पाण्याचे झरे, ज्यांवरून गावाला नाव पडले, ते भूकंपानंतर आटले. वाचलेल्यांनी गाव पुन्हा उभे केले. पायवाट आज पुन्हा सुरू आहे, लॉजच्या पाट्याही पुन्हा लागल्या आहेत.

रस्त्याविषयी थोडे अधिक लिहिणे भाग आहे, कारण येथे पाहुण्याचा आणि गावकऱ्याचा हितसंबंध उघड उघड विरुद्ध दिशांना जातो. अन्नपूर्णा प्रदक्षिणेच्या मार्गावर मनांग आणि जोमसोमपर्यंत मोटाररस्ता गेला, तेव्हा जुन्या पदयात्रींनी शोक केला : मार्गाचा नाश झाला, गावांचा साधेपणा गेला. रस्त्यामुळे मधल्या टप्प्यांवरील चहाघरे ओस पडली, हे खरे आहे, आणि त्या कुटुंबांचे नुकसान नजरेआड करता येणार नाही. पण बाळंतपणात अडलेली बाई रस्त्यावरून जीपने रुग्णालयात जाते. पूर्वी तिला डोकोतच नेत. मीठ, तेल, सिमेंट पाठीवर आणावे लागत नाही. गावाने रस्ता मागितला तर त्याच्यावर सौंदर्यदृष्टीचा अभाव असल्याचा ठपका ठेवण्याचा अधिकार, दहा दिवसांनी विमानाने घरी परतणाऱ्या माणसाला कोणी दिला? (आपल्याकडे सह्याद्रीत गडाखालच्या वाडीत वीज आली म्हणून हळहळणारे भटके आम्ही पाहिले आहेत, हा रोग केवळ पाश्चात्त्यांचा नाही.)

जंगलाचा प्रश्न याच जातीचा. १९७६ मध्ये लांगटांग राष्ट्रीय उद्यान झाले. नेपाळच्या उद्यानांचा पहारा सैन्याकडे असतो. पिढ्यान्‌पिढ्या जेथून सरपण आणले, गुरे चारली, तेथे परवाना लागू लागला. पुढे उद्यानाच्या उत्पन्नातील ३० ते ५० टक्के वाटा सभोवतालच्या वस्त्यांच्या विकासासाठी देण्याची तरतूद झाली. ही तरतूद चांगली आहे, तिचे श्रेय दिलेच पाहिजे. तो पैसा कोणत्या कामावर जातो, हे ठरवणाऱ्या बैठकीत लॉजमालकाच्या शेजारी भरियाची बायको बसते काय, एवढेच पाहावे.

आता २०२३ च्या नियमाकडे पुन्हा वळू. वाटाड्याची सक्ती मुळात चुकीची आहे, असे आमचे मत नाही. ज्या देशात एकामागून एक तरुण पारपत्र काढून परदेशी मजुरीला जातो, त्याने आपल्या डोंगरात येणाऱ्या पाहुण्याकडून रोजगार मागावा, यात वावगे काही नाही. पाश्चात्त्य प्रवाशाच्या ‘स्वातंत्र्या’पेक्षा तो रोजगार आम्हाला मोलाचा वाटतो. पण पाहुण्याची नोंदणी कंपनीमार्फत झालीच पाहिजे आणि वाटाड्याशी कंपनीचा करार मात्र तोंडी चालेल, अशी व्यवस्था राहिली, तर कंपनीला हक्काचे गिऱ्हाईक मिळते आणि कामगाराला पूर्वीचेच भवितव्य. शिवाय नियम वाटाड्याचा आहे. भरियाला त्यात जागा नाही.

यावर उपाय शोधायला फार दूर जाण्याचे कारण नाही. अनेक मालक, बदलते काम, डोक्यावर ओझे आणि कोणाच्याच हजेरीपटावर नाव नाही, ही स्थिती मुंबईच्या गोदीत आणि बाजारांत माथाडी कामगारांची होती. लढ्यातून १९६९ चा महाराष्ट्र माथाडी, हमाल व इतर श्रमजीवी कामगार कायदा आला. त्याची योजना साधी होती : मालक आणि कामगार या दोघांनीही मंडळाकडे नोंद करावी, मालकाने मजुरी आणि तिच्यावरील ठरावीक आकारणी मंडळात भरावी, आणि मंडळाने कामगाराला मजुरी द्यावी, भविष्यनिर्वाह निधी, उपदान, बोनस व औषधपाण्याची सोय करावी. मालक रोज बदलला तरी कामगाराचे खाते एकच राहते. केरळने १९७८ मध्ये ओझेवाल्या कामगारांसाठी असाच कायदा केला. या मंडळांच्या कारभारात दोष शिरले, टोळीप्रमुखांची दादागिरीही झाली. ते सर्व गृहीत धरूनही, विखुरलेल्या हमालाला निवृत्तीच्या वेळी हातात रक्कम देणारी दुसरी यंत्रणा या उपखंडात आमच्या पाहण्यात नाही.

नेपाळमध्ये पाया तयार आहे. १९८९ मध्ये स्थापन झालेल्या जिफॉन्ट या कामगार महासंघाशी संलग्न अशी पदभ्रमण, प्रवास व नौकाविहार कामगारांची संघटना तेथे आहे. २०१७ मध्ये नवा कामगार कायदा आणि योगदानाधारित सामाजिक सुरक्षेचा कायदा झाला, २०१८ च्या नोव्हेंबरात योजनाही सुरू झाली. पण ही योजना कायम मालक असलेल्या कामगाराला डोळ्यांसमोर ठेवून आखलेली. भरियासाठी मार्ग असा असावा : पाहुण्याचा पदयात्रा-परवाना देतानाच त्याच्याबरोबर जाणाऱ्या प्रत्येक वाटाड्याचे आणि भरियाचे नाव, ओझ्याचे वजन व मजुरी नोंदवावी आणि मजुरीवरील आकारणी त्याच खिडकीवर भरून घ्यावी. खिडकी आहे, पावतीपुस्तक आहे, पाहुण्याचे नाव लिहिणारा कारकूनही आहे. भरियाचे नाव लिहायला आणखी एक ओळ लागेल. खर्च वाढून पाहुणे दुसऱ्या देशात जातील, असे कंपन्या म्हणतील. 

या प्रश्नाचा आपल्याशी संबंध दुहेरी आहे. पुणे, मुंबई, बंगळूर, कोलकाता येथील पदयात्री आता मोठ्या संख्येने नेपाळात जातात, आणि त्यांतील पुष्कळांना स्वस्तातला कार्यक्रम हवा असतो. स्वस्ताई कोणाच्या पाठीवरून काढली जाते, हे निघण्यापूर्वी कंपनीला विचारता येईल : भरियाचा विमा आहे काय, रात्री तो कोठे झोपतो, त्याचे ओझे किती? आणि उलट बाजूने, पश्चिम नेपाळच्या डोटी भागातील माणसे कुमाऊं-गढवालच्या आपल्या डोंगरांत पिढ्यान्‌पिढ्या ओझे वाहत आली आहेत; तिकडे त्यांना ‘डोटियाल’ म्हणतात. केदारनाथच्या वाटेवर यात्रेकरूंना कंडीत बसवून चढवणाऱ्यांत हे नेपाळी कामगार आहेत. १९५० च्या करारामुळे त्यांना सीमा खुली आहे. पण वेठीला जुंपलेल्या पूर्वजांचे हे वंशज भारतात कामगार म्हणून कोणत्या वहीत लिहिले जातात? नेपाळचा सुरक्षानिधी त्यांना हंगामी परदेशी मजूर समजतो, येथील मंडळे परका समजतात. उत्तराखंडच्या कामगार संघटनांनी यात्रेचा पुढचा हंगाम उघडण्यापूर्वी हा प्रश्न राज्य सरकारपुढे मांडावा, आणि नेपाळच्या भ्रातृसंघटनेला त्यात सहभागी करून घ्यावे.