स्टे म्हणजे निकाल नव्हे

मृगाचा पाऊस पडला की आमच्या लोहारा तालुक्यात पेरणीच्या घाईबरोबर धुऱ्याची भांडणंही उगवतात. नांगराचं एक तास इकडं सरकलं, गाडीवाटेवर काट्या पडल्या, की भावकी समोरासमोर आलीच!

चार वर्षांपूर्वी माझ्या थोरल्या जाऊबाई, आम्ही त्यांना अक्का म्हणतो, बैलगाडीत बी-खत घालून शेतावर निघाल्या. थोरले दीर वारल्यापासून शेत त्याच बघतात. वाटेवर काट्या. चुलत दीर म्हणाले, "वहिनी, कोर्टाचा निकाल लागलाय. आता इकडून गाडी न्यायची नाही." अक्का मुकाट्यानं माघारी आल्या.

निकाल वगैरे काही लागला नव्हता. लागला होता तो तात्पुरता मनाई हुकूम, आपण ज्याला 'स्टे' म्हणतो तो, आणि तोही अक्कांचं म्हणणं न ऐकता. बरं, कोर्टाचे कागद अक्कांच्या नावानं आले होते. पण आमच्याच घरातल्या एका पुरुष माणसानं सही करून घेतले आणि दिवळीत ठेवून दिले. "बायकांना काय कळतंय त्यातलं?"

मी अक्कांना घेऊन वकिलांकडे गेले, तेव्हा कुठे उलगडा झाला. 1908 च्या दिवाणी प्रक्रिया संहितेत या हुकुमाची तरतूद आहे. तो देताना कोर्ट तीन गोष्टी पाहतं. मागणाऱ्याच्या म्हणण्यात सकृतदर्शनी तथ्य आहे का, हुकूम दिल्यानं वा नाकारल्यानं कुणाची अडचण जास्त होईल, आणि भरून न येणारं नुकसान होणार आहे का. एकतर्फी हुकूम दिला तर त्या अर्जाचा निर्णय 30 दिवसांत करण्याचा कोर्टानं प्रयत्न करावा, असंही कायदा म्हणतो. मालकी कुणाची, वहिवाट कुणाची, हे ठरतं नंतर, पुराव्यानिशी.

अक्कांनी शपथपत्र दिलं. कोर्ट कमिशनर जागेवर आले. वर्षानुवर्षांच्या गाडीच्या चाकोऱ्या लपवणार कशा? हुकूम उठला. पण तोवर भाद्रपद आला होता. खरीप गेला, रान पडीक राहिलं. मूळ दावा अजून चालूच आहे. कोर्टाच्या तारखेला मृग-आर्द्रा कळत नाहीत, हेच माझं गाऱ्हाणं आहे. शेताच्या वाटेचा वाद असेल तर समोरच्याला ऐकून, जागा पाहून, पेरणीआधी हुकुमाचा निर्णय व्हायला हवा. नाहीतर 'तात्पुरता' हुकूमच एखाद्या बाईचं वर्ष बुडवतो.

म्हणून स्टे वाईट, असं मात्र मी म्हणणार नाही. उद्या कुणी जेसीबी लावून तुमचा धुरा उकरू लागला तर हाच हुकूम तुमची ढाल. फक्त हुकूम असताना रागाच्या भरात काट्या उपटू नका. तो मोडणाऱ्याला तीन महिन्यांपर्यंत दिवाणी कैद होऊ शकते. शेजारी कोर्टात जाणार अशी कुणकुण लागली तर आधीच कॅव्हेट दाखल करा. ते 90 दिवस चालतं, आणि त्या काळात तुम्हाला कळवल्याशिवाय हुकूम होऊ नये, एवढ्यासाठीच ते असतं. जुनी वाट कुणी अडवली तर 1906 च्या मामलेदार कोर्ट कायद्याखाली सहा महिन्यांच्या आत तहसीलदारांकडे अर्ज करता येतो. मे 2025 मध्ये तर शेतरस्त्याची नोंद सातबाऱ्याच्या 'इतर हक्क' रकान्यात घेण्याचं राज्य सरकारनं ठरवलं आहे. आपल्या वाटेची नोंद झाली का, हे तलाठ्याकडे जाऊन विचारायला काय हरकत आहे?

मैत्रिणींनो, त्या वाटेनं डोक्यावर भाकरी घेऊन रोज चालतो आपण. धुऱ्यावरची कुठली बाभळ कुणाची, हे आपल्याला पाठ. पण कागद आला की तो पुरुषांचा! हे बदलायला हवं. कुणी "कोर्टाचा हुकूम आहे" म्हणालं तर आधी त्याची नक्कल मागा, तारीख विचारा, आणि त्या तारखेला स्वतः हजर राहा.

अक्कांकडे आता पत्र्याची एक पेटी आहे. त्यात सातबारा, मोजणीचा नकाशा, हुकुमाची नक्कल. किल्ली त्यांच्याच कमरेला. तुमच्या घरचा सातबारा कुठं ठेवलाय, ठाऊक आहे तुम्हाला?