लॉकसाहेबांचे पाहुणे

सतराव्या शतकातल्या माणसाला आजच्या कोर्टात उभे करू नका, असा उपदेश हल्ली फार ऐकावा लागतो. जॉन लॉक आपल्या काळाचे अपत्य होता. त्याने राजाच्या दैवी हक्काचे थोतांड मोडले, सत्तेला जनतेच्या संमतीची वेसण घातली. वसाहती व्यापाऱ्यांनी वसवल्या, तत्त्वज्ञांनी नव्हे. उदारमतवाद मुळात निर्मळ होता, पुढच्यांनी तो बाटवला. परवा एका विद्वानांनी हे सगळे अशा थाटात मांडले, की जणू लॉकला प्रश्न विचारणे म्हणजे लोकशाहीवर दरोडाच.

किरकोळ मुद्दे आधी निकालात काढतो. वसाहती व्यापाऱ्यांच्या? लॉक अमेरिकेतल्या कॅरोलिना वसाहतीच्या मालकमंडळाचा सचिव होता, पुढे सरकारच्या व्यापार व वसाहत मंडळाचा सचिव झाला, आणि १६९६ पासून बोर्ड ऑफ ट्रेडवर वर्षाला हजार पौंड पगार घेऊन बसला. गुलामांचा व्यापार करणाऱ्या रॉयल आफ्रिकन कंपनीतही त्याचे पैसे होते. काळाचे अपत्य? १६८८ साली पेनसिल्व्हेनियातल्या जर्मनटाउनच्या चौघांनी गुलामगिरीविरुद्ध लेखी निषेध नोंदवला. लॉकचे शासनावरचे ‘दोन प्रबंध’ पुढच्याच वर्षी छापून आले. त्या काळाला अपत्ये बरीच होती, सगळी एका वळणाची नव्हती.

पण माझे भांडण लॉकच्या खिशाशी नाही, त्याच्या पुस्तकाशी आहे. दुसऱ्या प्रबंधात त्याने संमतीचा जो नियम सांगितला आहे, तो चांगला कडक आहे. एखाद्या राज्यात आठवडाभर मुक्काम केलात, नुसते हमरस्त्यावरून गेलात, तरी तिथल्या कायद्याला तुमची मूक संमती मिळाली. परका माणूस जन्मभर राहिला तर त्याने जन्मभर तो कायदा पाळायचा, आणि तेवढ्याने तो त्या समाजाचा सभासदही होत नाही. ठीक. आता १६७० साल घ्या. इंग्रज वसाहतवाले कॅरोलिनाच्या किनाऱ्याला लागतात. कियावा लोकांचा प्रमुख त्यांना आपल्या मुलखात घेऊन जातो, कारण बंदुका बाळगणाऱ्या वेस्टो लोकांच्या जाचापुढे त्याला जोडीदार हवे असतात. पाहुणे नदीकाठी उतरतात, अडीनडीला स्थानिकांकडून मका घेतात, आणि त्या नदीला नाव मिळते ॲशली, म्हणजे लॉकच्या धन्याचे. लॉकच्याच नियमाने या मंडळींनी कियावांच्या कायद्याखाली नांदायला हवे होते. आठवडा कशाला, ती तर कायमचीच राहिली!

यातून सुटायच्या वाटा दोन, आणि दोन्ही त्याच पुस्तकात. एक, तिथे राज्यच नाही म्हणायचे. अमेरिकेतले राजे म्हणजे फार तर लढाईपुरते सेनापती, असे लॉक लिहितो. मग कायदा पाळायचा कुणाचा? दुसरी वाट मालमत्तेवरच्या पाचव्या प्रकरणात. जमीन मुळात सर्वांची, जो तिच्यात श्रम घालील त्याची ती होते. वाया जाऊ दिली तर कुंपण असले तरी कुणीही घ्यावी. म्हणजे काही वर्षे कसून, मग जमिनीला विसावा देऊन पुढे सरकणारा मक्याचा शेतकरी या हिशेबात बसतच नाही. तिथला राजा इंग्लंडमधल्या रोजंदारीच्या मजुराहून हलाखीत राहतो, हेही लॉक ठणकावून सांगतो. (अमेरिकेत त्याने पाऊल टाकलेले नव्हते.) आणि श्रम तरी कुणाचे? माझ्या नोकराने कापलेली हिरवळ माझीच, हे त्याच प्रकरणात आहे. कॅरोलिनाच्या ज्या घटनेच्या मसुद्यावर लॉकने काम केले, तिने तर स्वतंत्र माणसाला आपल्या काळ्या गुलामांवर निरंकुश सत्ता देऊन टाकली होती. पुढे कॅरोलिनाच्या भातखाचरांत राबले गुलाम, आणि ‘श्रम घालून’ जमीन कमावली मालकांनी.

इथे प्रतिपक्ष हुकमाचा एक्का टाकतो. त्याच घटनेत म्हटले आहे, की मूर्तिपूजा किंवा अज्ञान यांच्या सबबीवर स्थानिकांना हाकलता येणार नाही. वा! धर्माच्या नावाने जमीन घ्यायचे दार बंद केले, म्हणूनच नांगराच्या नावाने दुसरे दार उघडावे लागले. तेवढे वाचून टाळ्या वाजवणाऱ्यांनी पाचवे प्रकरणही वाचावे.

असाच वाद पूर्वी दुसऱ्या एका उदारमतवादी तत्त्वज्ञावरून, जॉन स्टुअर्ट मिलवरून, झाला होता. पस्तीस वर्षे ईस्ट इंडिया कंपनीची नोकरी, ती १८५८ साली सुटली, १८५९ साली स्वातंत्र्यावरचा ग्रंथ, आणि त्यात ‘मागासलेले’ समाज स्वातंत्र्यातून वगळलेले. एवढे म्हटल्यावर एक गृहस्थ उसळले: मग आगरकरांनाही टाकणार काय? टाकायचे कशाला? आगरकरांनी मिल वाचला आणि लंडनहून परवानगी यायची वाट न पाहता इथल्या घरांना लागू केला. गृहस्थांनी मग विषय बदलला.

तर मांडायचे काय? एवढेच, की पाहुण्याचा लॉकने सांगितलेला नियम उत्तम आहे, फक्त यजमानाचा वर्ण आणि नांगर न बघता तो लावायचा. असा लावून दाखवणारा माणूस मुंबईचा होता. दादाभाई नौरोजी १८५५ साली इंग्लंडला गेले. तिथला कायदा पाळला, कुणाची जमीन पडीक ठरवली नाही. मतदारांपुढे उभे राहिले, १८८६ साली हरले, १८९२ साली सेंट्रल फिन्सबरीतून अगदी थोड्या मतांनी निवडून आले. संमतीवर राज्य चालते म्हणता ना, मग त्यांनी ती मतपेटीतून मागून घेतली, आणि हिंदुस्थानची संपत्ती दरसाल कुठे जाते याचा हिशेब यजमानाच्याच सभागृहात उभे राहून यजमानाला विचारला.