एका गुणाची फातमा बेगम

भारतातील पहिली महिला चित्रपट दिग्दर्शक कोण? उत्तर : फातमा बेगम. हिंगोली, वसमत, कळमनुरीच्या अभ्यासिकांतून स्पर्धा परीक्षेची तयारी करणारी मुले हे उत्तर पाठ करतात. एक गुण मिळतो, विषय संपतो. त्यापुढे या बाईंना ना मराठी समीक्षेने जागा दिली, ना आपल्या मुस्लिम समाजाने.

१९१३ साली फाळक्यांना ‘राजा हरिश्चंद्र’साठी स्त्री मिळाली नाही, तारामती साळुंके या पुरुषाने केली. त्यानंतर दुर्गाबाई कामत आणि कमलाबाई गोखले या मायलेकी ‘मोहिनी भस्मासुर’मधून पडद्यावर आल्या. पडद्यावरची बाई म्हणजे वाया गेलेली, असे मानणारा तो काळ. १९२२ मध्ये उर्दू रंगभूमीवरच्या फातमा बेगम ‘वीर अभिमन्यू’त आल्या. मुसलमान बाई महाभारताच्या कथेत! चारच वर्षांनी, १९२६ मध्ये, त्यांनी स्वतःची फिल्म कंपनी काढून ‘बुलबुल-ए-परिस्तान’ दिग्दर्शित केला. सुलताना, जुबेदा, शहजादी या तिन्ही मुलींना त्यांनी पडद्यावर आणले. १४ मार्च १९३१ रोजी मुंबईच्या मॅजेस्टिकमध्ये पहिला बोलपट ‘आलम आरा’ लागला, त्याची नायिका जुबेदाच.

आणि आपण काय चघळतो? सचीनच्या नवाबाशी त्यांचा निकाह झाला होता की नव्हता! पुरुष दिग्दर्शकाचे मोठेपण मोजताना आपण त्याचे लग्न तपासतो काय?

मुस्लिम स्त्रीला स्वतःचे कर्तृत्वच नाही, तिचा उद्धार दुसऱ्यांनी करायचा, असे सांगणाऱ्यांच्या तोंडावर १९२६ हे साल फेकले पाहिजे. पण ते फेकण्याआधी आपल्या मोहल्ल्यातही पाहावे लागेल. ‘नटी’ हा शब्द आपण आजही शिवीसारखा वापरतो. शाळेच्या गॅदरिंगमध्ये नाटकात काम करू इच्छिणारी मुलगी ‘लोक काय म्हणतील’ म्हणून घरी बसवली जाते. बसवणारा बाहेरचा नसतो. तो बाप असतो, भाऊ असतो. अशा घरात फातमा बेगमचा अभिमान बाळगणे हा शुद्ध दांभिकपणा आहे.

‘बुलबुल-ए-परिस्तान’ची प्रत आज उरलेली नाही. ‘आलम आरा’ही गेला. ते आता परत येणार नाहीत. आपल्या मुलींना स्टेजवर चढू देणे मात्र आपल्याच हातात आहे. त्यासाठी ना सरकारी अनुदान लागते, ना कुणाचा फतवा.