थंडीला दोष देऊ नका

डिसेंबर आला की न्यू जर्सीतल्या सुपरमार्केटच्या दारात सायक्लमेनच्या कुंड्या मांडल्या जातात. मागे पाकळ्या वळवलेली गुलाबी, लाल, पांढरी फुलं आणि पानांवर चांदीची नक्षी. लोक हौसेनं घेतात, दिवाणखान्यात हीटरजवळ ठेवतात, रोज पाणी घालतात. महिना-दीड महिन्यात पानं पिवळी पडतात, कंद कुजतो आणि कुंडी कचऱ्यात जाते. मग आमच्या मराठी मंडळींत ठरलेलं वाक्य ऐकू येतं, ‘इथल्या थंडीत काही जगत नाही हो.’

माझं मत बरोबर उलट आहे. या झाडाला बहुतेक वेळा थंडी मारत नाही, आपली ऊब मारते. चुकीची जात, तापलेली खोली आणि अवेळी पाणी ही खरी कारणं आहेत. त्यापुढची गोष्ट अधिक महत्त्वाची : बागेत लावायला कंद विकत घेताना तो कुठून आला, हे विचारणं आपलं काम आहे.

आधी जातीचं बघू. दुकानातली कुंडी ‘सायक्लमेन पर्सिकम’ या जातीपासून तयार केलेली असते. तिला कडक हिमतुषार सोसत नाही हे खरं, पण तापलेली खोलीही सोसत नाही. दहा ते पंधरा अंश, भरपूर उजेड आणि बशीतून दिलेलं पाणी एवढंच तिचं मागणं. फुलं सरली आणि पानं वाळली की ती मेली असं समजू नये, ती झोपली. आपल्याकडे सुरणाचा कंद उन्हाळाभर निजतो आणि पावसाबरोबर उठतो. सायक्लमेनचं चक्र वेगळं. तिचा मुलूख भूमध्य समुद्राभोवतीचा, जिथे पाऊस हिवाळ्यात पडतो आणि उन्हाळा कोरडा असतो. म्हणून ती उन्हाळ्यात निजते आणि पानगळीच्या दिवसांत जागी होते. झोपेत पाणी पाजलं तर कंद सडणारच.

उघड्या जमिनीत, बर्फात राहणाऱ्या जाती वेगळ्या आहेत. ‘कोउम’ ही बल्गेरिया, तुर्कस्तानचा काळ्या समुद्राकडचा भाग आणि कॉकेशसमधली. ती ऐन हिवाळ्याच्या शेवटी, बर्फ अजून पुरता वितळला नसताना फुलते. ‘हेडेरिफोलियम’ इटली-ग्रीसकडची. ती पानगळीच्या सुरुवातीला फुलते, पानं बहुधा मागून येतात आणि हिवाळाभर टिकतात. ‘पर्प्युरासेन्स’ आल्प्स आणि मध्य युरोपातली. ती उन्हाळ्यात फुलते आणि कडाक्याच्या थंडीला सगळ्यांत चिवट म्हणता येईल अशी आहे.

माझ्या घरामागे ओकच्या झाडाखाली पहिल्या दोन्ही जाती आहेत. तापमान शून्याखाली दहा-बारा अंश गेलं की त्यांची पानं मान टाकतात. बघणाऱ्याला वाटतं, गेलं सगळं. ऊन पडून जरा ऊब आली की तीच पानं पुन्हा उभी राहतात. बर्फ पडला तर उलट बरंच, कारण बर्फाचा थर गोधडीसारखं काम करतो. मी व्हिडिओ कॉलवर फुलं दाखवली तेव्हा अम्मी म्हणाली, ‘फ्रिजमधे बाग लावलीस की काय?’

इथली खरी अडचण उन्हाळ्यातल्या पावसाची आहे. न्यू जर्सीत जुलै-ऑगस्टलाही धो धो पाऊस पडतो आणि तेव्हा कंद झोपेत असतो. म्हणून जागा मोठ्या झाडाच्या बुंध्याजवळ, जराशा उतारावर निवडावी. झाडाची मुळं उन्हाळ्यातलं पाणी पिऊन टाकतात आणि हिवाळ्यात फांद्या उघड्या झाल्या की सायक्लमेनच्या पानांना ऊन मिळतं. मातीत पालापाचोळ्याचं खत आणि बारीक खडी मिसळावी. कंद खोल पुरू नये, वर दोन-तीन सेंटिमीटर माती पुरते. ओकची गळलेली पानं थरावर थर साचली तर हातानं उचलावीत, नाहीतर खालची हिरवी पानं गुदमरतात. बाकी काही करू नये. या झाडाला माया कमी, समज जास्त लागते.

आता नावाची गंमत. ‘पर्सिकम’ म्हणजे इराणचं. पण ही जात इराणच्या रानात उगवतच नाही. तिचं घर तुर्कस्तानचा दक्षिण भाग, सायप्रस, सीरिया, लेबनॉन, पॅलेस्टाईन. नावावरून गाव ठरवायची ही खोड जुनीच आहे. ‘तुमचं मराठी इतकं चांगलं कसं?’ हा प्रश्न ज्यांनी आयुष्यभर ऐकलाय, त्यांना यावर जास्त सांगायला नको. ज्यांच्या डोंगरांवर ती उगवते, त्या अरबी लोकांनी तिला सुंदर नाव दिलंय : बखूर मरियम, हजरत मरियमचा धूप. पॅलेस्टिनी घरांत तिच्या पानांत तांदळाचं सारण भरून शिजवतात. कंद मात्र विषारी, त्याच्या वाटेला जाऊ नये.

हे डोंगर आठवायचं कारण आहे. तुर्कस्तानातून अनेक वर्षं रानातले कंद उपटून पोत्यांनी युरोपात गेले. १९७५ पासून लागू झालेल्या ‘साइट्स’ करारात सायक्लमेनचा समावेश आहे, त्यामुळे रानातल्या कंदाच्या व्यापाराला परवाना लागतो. १९९० च्या दशकात टॉरस डोंगरातल्या गावांत फुलझाडांचे कंद शेतात वाढवायचा प्रकल्पही झाला, म्हणजे गावकऱ्यांची रोजी राहावी आणि डोंगरही राहावा. गरीब खणणाऱ्याला शिव्या देणं सोपं आहे. पण खणायला लावतो तो गिऱ्हाईक, म्हणजे आपण. त्यात वाळलेला मोठा कंद स्वस्त आणि तयार दिसतो, तरी बऱ्याचदा रुजतही नाही.

उपाय साधा आहे, वेळखाऊ आहे. बियांपासून वाढवलेलं, मुळं-पानं असलेलं रोप घ्या, नाहीतर बीच पेरा. बी रात्रभर भिजवायचं आणि पेरून अंधारात ठेवायचं. फुलायला तीन-चार वर्षं लागतात. पुढचं काम ती जात स्वतः करते : बीज धरलं की देठ स्प्रिंगसारखा गुंडाळत बोंडाला जमिनीशी नेतो, बियांवरच्या गोडव्यासाठी मुंग्या येतात आणि त्या वाहून नेतात. माझ्याकडे ओकपासून दहा फुटांवर, कुंपणाच्या फटीत एक रोप आलंय. ते मी लावलेलं नाही.

चांगल्या जागी कंद कित्येक दशकं जगतो. तेव्हा चार वर्षं थांबणं फार नाही. नर्सरीत गेलात की किंमत नंतर विचारा, आधी एवढं विचारा : हे बियांपासून वाढवलंय की डोंगरातून उपटलंय? नीट उत्तर मिळालं नाही, तर पाकीट खिशातच राहू द्या.