पडद्यावर नाव फक्त 'गौरी'

मंडळी, जुन्या मराठी बोलपटांचा विषय निघाला की आपण दुर्गा खोटे, शांता आपटे, फार तर हंसा वाडकर इथपर्यंत येऊन थांबतो. हंसाबाईंचं घराणं सावंतवाडीचं, म्हणजे आपल्याकडचंच. त्यांनी 'सांगत्ये ऐका'मध्ये स्वतःचं आयुष्य सांगितलं, पुढे त्यावरून श्याम बेनेगलांचा 'भूमिका' आला. पण १९४१ च्या 'संत सखू'मध्ये हंसाबाई सखू झाल्या, तेव्हा त्यांना छळणारी सासू कोण होती? विचारून बघा, दहातले नऊ जण गप्प बसतील.

ती गौरी. आडनाव नाही, काही नाही. नुसती गौरी.

प्रभात कंपनीत ती झाडलोटीच्या कामाला होती, असं तिच्याबद्दल लिहिलेलं आढळतं. मग गर्दीत उभी राहायला लागली. आणि १९३६ मध्ये दामले-फत्तेलालांनी 'संत तुकाराम'मध्ये तिला थेट जिजाई केलं. तुकाराम होते विष्णुपंत पागनीस, संगीत रंगभूमीवर स्त्रीभूमिका गाजवून आलेले. त्यांच्यासमोर ही बाई. ना गाणं, ना घराणं. पण नवरा भजनात रंगलेला असताना चूल कशी पेटवायची, हा प्रश्न तिच्या आवाजात ऐकला की पटतो.

आपण कोकणातली माणसं देवाला गाऱ्हाणं घालतो, 'बा देवा म्हाराजा' म्हणत, हात जोडून. जिजाईचं गाऱ्हाणं वेगळं. पोर आजारी पडल्यावर ती त्याला घेऊन देवळात शिरते आणि विठोबावर पायताण उगारते. ९० वर्षं होत आली, पण त्या प्रसंगात आजही कुणाला देवाचा अपमान दिसत नाही, आई दिसते. हे श्रेय त्या बाईचं. तुकारामाची भक्ती खरी वाटते, कारण शेजारी जिजाईची भूक खरी वाटते. मुंबईत हा सिनेमा वर्षाहून जास्त चालला, १९३७ मध्ये व्हेनिसला गौरवला गेला. तिथे मराठी कुणाला कळत होतं? पण वैतागलेली बायको कुठल्याही मुलखात कळते.

म्हणून माझं म्हणणं असं, की 'सहायक' हा शब्दच फसवा आहे. नायिकेला गाणी मिळतात, पोस्टर मिळतं. सिनेमातलं घर खरं वाटायला लावायचं काम सासू, आई, शेजारीण यांच्यावर पडतं, आणि इतिहास लिहिताना त्याच गळतात.

हे फक्त प्रभातपुरतं असतं तर सोडून दिलं असतं. आपल्याकडे दशावतारात बाई नाचवायची ती पुरुषानेच, ती परंपरा आहे, तिचा मान आहे. पण गावच्या नाटकात, एकांकिकेत, मालवणी प्रयोगात आता बाया कामं करतात. घरचं आवरून तालमीला येतात, रात्री दोन वाजता प्रयोग संपवून घरी जातात, वर चार जणांची बोलणी खातात. आणि हँडबिल बघा. उद्घाटक, प्रमुख पाहुणे, देणगीदार यांची नावं पदांसकट ठळक. खाली कोपऱ्यात 'आणि इतर स्त्री कलाकार'.

इतर म्हणजे कोण? त्यांना नावं नाहीत?

मंडळांच्या अध्यक्ष-सेक्रेटरींना एवढंच सांगणं आहे. जत्रांचा हंगाम येईल, हँडबिलं छापायला जातील. त्यावर काम करणाऱ्या प्रत्येक बाईचं नाव, आडनाव आणि गाव छापा. भूमिका दोन वाक्यांची असली तरी छापा. आणि प्रत्येक हँडबिलाची एक प्रत गावच्या वाचनालयात ठेवा. खर्च म्हणाल तर एका ओळीचा. एखाद्या देणगीदाराचं पद थोडं लहान अक्षरात गेलं तर तो काही देणगी परत मागणार नाही.