बाबासाहेबांचा हिशेब कुठे लपवलात?

चौदा एप्रिलला, आंबेडकर जयंतीला, चेंबूरच्या नाक्यानाक्यावर पुढाऱ्यांचे फलक लागतात. त्यांवर बाबासाहेब फक्त ‘घटनेचे शिल्पकार’ असतात. सरकारी तिजोरीचा जाब विचारणारा अर्थशास्त्रज्ञ तिथे नसतो, कारण तो या मंडळींना परवडत नाही.

१९४७ मध्ये त्यांनी मागणी केली होती की मूलभूत उद्योग, शेती आणि विमा राज्याच्या मालकीचे असावेत. १९५१ मध्ये मंत्रिपद सोडतानाच्या निवेदनात त्यांनी सरळ आकडे मांडले: वर्षाचा महसूल साडेतीनशे कोटी, त्यातले सुमारे १८० कोटी लष्करावर. या खर्चाला त्यांनी परराष्ट्र धोरण जबाबदार धरले. हिंदू कोड बिल रखडल्याची त्यांची चीड आपण लक्षात ठेवली, हे आकडे मात्र पुसून टाकले. आज लष्कराच्या खर्चावर कुणी प्रश्न विचारला की त्याला देशद्रोही ठरवणारे बाबासाहेबांना काय म्हणणार आहेत?

अमेरिकेनेही हेच केले. व्हिएतनामचे युद्ध गरिबांच्या तोंडचा घास पळवते, असे नागरी हक्क चळवळीचे नेते मार्टिन ल्यूथर किंग यांनी ४ एप्रिल १९६७ ला ठणकावले, तेव्हा कालचे मित्र उलटले. बरोबर वर्षाने मेम्फिसमध्ये त्यांची हत्या झाली. ते तिथे संपावरच्या सफाई कामगारांसाठी गेले होते. शाळेत मुलांना त्यांचे स्वप्नाचे भाषण शिकवतात, संप शिकवत नाहीत.

आता चेंबूरकरांनी माहूलकडे बघावे. रिफायनरींच्या शेजारच्या या वस्तीतल्या हवेचा आरोग्याला धोका आहे, हे राष्ट्रीय हरित लवादाने २०१५ मध्येच नोंदवले. तरीही तानसा जलवाहिनीलगतची घरे पाडून हजारो माणसे तिथेच कोंबली गेली. त्यांना दुसरीकडे घर द्या, नाहीतर महिना १५ हजार रुपये भाडे द्या, असे उच्च न्यायालयाला २०१९ मध्ये सांगावे लागले. घर तोडायला पालिकेकडे बुलडोझर असतो आणि श्वास घेता येईल अशी जागा द्यायला पैसा नसतो, ही टंचाई मुळीच नाही. हा निर्णय आहे. गरिबाचे फुप्फुस स्वस्त आहे, असे ठरवणाऱ्यांनी घेतलेला.

राजकीय समता आणि आर्थिक विषमता एकत्र नांदली तर लोकशाहीची इमारतच उद्ध्वस्त होईल, असा इशारा बाबासाहेबांनी २५ नोव्हेंबर १९४९ ला घटना समितीत दिला होता. म्हणून मत मागायला येणाऱ्या प्रत्येकाला आधी अर्थसंकल्पाचा जाब विचारा. ज्याला तो देता येत नाही, त्याला बाबासाहेबांचे नाव घेण्याचा अधिकार नाही.