विकली, पण सोडली नाही

पैसे मोजून दिले, वस्तू हाती आली, की व्यवहार पुरा झाला, ही खरेदीविक्रीविषयीची आपली परंपरागत समजूत आहे. भांड्यांच्या दुकानातून आणलेल्या पातेल्याला दुकानदार पुन्हा हात लावीत नाही. पुस्तकविक्रेता रात्री घरी येऊन विकलेल्या पुस्तकाची पाने बदलून जात नाही. गेल्या वीस वर्षांत मात्र अशा प्रकारचा माल बाजारात रूढ झाला आहे, की ज्याच्यावरचा विक्रेत्याचा हात विक्रीनंतरही सुटत नाही. दूरचित्रवाणी संचाला कन्सोल जोडून खेळावयाचे व्हिडिओ गेम हे त्याचे ठळक उदाहरण होय. हा पोरांचा खेळ आहे, त्यात अर्थशास्त्र कसले, असे कोणी म्हणेल. परंतु मालकी या संकल्पनेचे उद्या काय होणार, याची रंगीत तालीम आज या खेळांतच चालू आहे.

सोनीचे प्लेस्टेशन आणि मायक्रोसॉफ्टचे एक्सबॉक्स या दोन्ही कन्सोलांसाठी त्या त्या कंपनीचे स्मार्टफोनवरील अ‍ॅप आहे. घरचा कन्सोल इंटरनेटला जोडलेला आणि पूर्ण बंद न करता निजवून ठेवलेला असला, की कचेरीत मधल्या सुट्टीत बसलेला माणूस या अ‍ॅपमधून नवा खेळ विकत घेऊ शकतो, तो घरच्या यंत्रावर उतरवावयास लावू शकतो आणि जागा अपुरी पडली तर जुना खेळ तिथूनच काढून टाकू शकतो. खेळांचे नवे अपडेटही यंत्र अशाच निजल्या अवस्थेत आपसूक उतरवून घेते. संध्याकाळी तो घरी पोचतो तेव्हा सारे सिद्ध असते. ही सोय उत्तम आहे, यात वाद नाही. पण हा हुकूम जातो कोठे, हे पाहण्यासारखे आहे. तो फोनवरून थेट यंत्राकडे जात नाही. तो कंपनीच्या सर्व्हरकडे जातो आणि तेथून यंत्राला आज्ञा मिळते. आपण हुकूम सोडला असे आपल्याला वाटते. प्रत्यक्षात आपण अर्ज केलेला असतो आणि तो मंजूर झालेला असतो.

चुकीची किंमत कोणाच्या माथी?

हे असे का झाले, ते समजण्यासाठी थोडे मागे जावे लागेल. १९८५ सालचा निन्टेन्डोचा ‘सुपर मारिओ ब्रदर्स’ हा जगप्रसिद्ध खेळ अवघ्या ४० किलोबाइटमध्ये मावत असे. तो कार्ट्रिजमधील चिपवर एकदा कोरला गेला, की त्यात बदल करणे अशक्य होते. चूक राहिली तर ती कायमची राहिली आणि तिची झळ उत्पादकाला पोचली. १९८२ च्या नाताळासाठी अटारी कंपनीने ‘ई. टी.’ या चित्रपटावरील खेळ काही आठवड्यांत उरकून बाजारात आणला. तो लोकांना रुचला नाही. न विकलेली कार्ट्रिज १९८३ साली न्यू मेक्सिकोतील अ‍ॅलामोगोर्डो येथे कचऱ्याच्या खड्ड्यात पुरण्यात आली आणि २०१४ साली ती उकरूनही काढण्यात आली. घाईची शिक्षा घाई करणाऱ्यालाच झाली, हा त्या प्रकरणाचा अर्थ. बाजारपेठेची शिस्त म्हणतात ती हीच.

२००५-०६ च्या सुमारास इंटरनेटला जोडता येणारे आणि स्वतःची हार्ड डिस्क बाळगणारे कन्सोल सर्वसामान्य झाले आणि हे गणित पालटले. विकलेल्या मालात मागाहून दुरुस्ती करण्याचा खर्च नाममात्र झाला. ज्या उत्पादकाला दुरुस्ती स्वस्त पडते, तो माल पुरता तयार होण्याची वाट कशाला पाहील? यात कोणा कंपनीची दुष्ट बुद्धी शोधण्याचे कारण नाही. खर्चाची दिशा बदलली की वर्तनाची दिशा बदलते, इतकेच. विक्रीच्या पहिल्याच दिवशी मोठा अपडेट उतरवून घ्यावा लागणे, हे आता नित्याचे झाले आहे. पोलंडच्या सीडी प्रोजेक्ट कंपनीचा ‘सायबरपंक २०७७’ हा बहुप्रतीक्षित खेळ १० डिसेंबर २०२० रोजी बाजारात आला. त्या वेळी बहुसंख्यांच्या घरी असलेल्या प्लेस्टेशन ४ व एक्सबॉक्स वन या यंत्रांवर तो इतका सदोष चालत होता, की आठवड्याभरातच सोनीने तो आपल्या दुकानातून काढून घेतला आणि ग्राहकांचे पैसे परत करण्याची तयारी दाखविली. जून २०२१ मध्ये तो पुन्हा विक्रीस आला. दरम्यान पहिल्या ग्राहकांनी काय केले? त्यांनी पूर्ण किंमत देऊन मालाची चाचणी घेऊन दिली. हे काम पूर्वी कंपनी पगारी माणसांकडून करवून घेत असे.

दुरुस्तीचा नाममात्र खर्च हा कंपनीपुरता नाममात्र असतो, हेही ध्यानात घेतले पाहिजे. ‘कॉल ऑफ ड्यूटी’ या युद्धखेळांच्या मालिकेने यंत्रावर २०० गिगाबाइटपेक्षाही अधिक जागा व्यापल्याची उदाहरणे आहेत. एक्सबॉक्स सीरिज एस हे यंत्र मुळात बाजारात आले ते एकूण ५१२ गिगाबाइट जागा घेऊन. १५० गिगाबाइटचा खेळ सेकंदाला ५० मेगाबिट वेगाच्या जोडणीवरून उतरवावयास पावणेसात तास लागतात. जोडणीचे बिल ग्राहकाचे, वाढीव साठवणीची किंमत ग्राहकाची, वेळही ग्राहकाचा. एक्सबॉक्स निजलेल्या स्थितीत साधारण १० ते १५ वॅट वीज खातो. पूर्ण बंद ठेवला तर सुमारे अर्धा वॅट. केवळ १० वॅट धरले आणि यंत्र अहोरात्र तसेच ठेवले, तरी वर्षाकाठी ८७ युनिटे होतात. दूरच्या हुकुमाची वाट पाहत जागे राहण्याचा हा खर्च. अर्थशास्त्रात याला खर्चाचे बाह्यीकरण म्हणतात. साध्या मराठीत, एकाचे ओझे दुसऱ्याच्या खांद्यावर.

मालक की पागडीदार?

खर्चाचा प्रश्न एक वेळ बाजूला ठेवता येईल. मालकीचा ठेवता येणार नाही. ज्या वाटेने दुरुस्ती येते, त्याच वाटेने काढून घेणेही येते. सोनीने प्लेस्टेशन ३ हे यंत्र २००६ साली बाजारात आणले, तेव्हा त्यावर लिनक्ससारखी दुसरी कार्यप्रणाली बसविण्याची सोय दिली होती. १ एप्रिल २०१० च्या अपडेटने ती काढून घेतली. अपडेट नाकारण्याची मुभा अर्थातच होती. फक्त नाकारणाऱ्याला कंपनीच्या जाळ्यावरून खेळता येणार नव्हते. दोन्ही गुणांसाठी पैसे मोजलेल्या ग्राहकाला त्यांपैकी कोणता गमवावयाचा एवढेच निवडावयाचे स्वातंत्र्य उरले. अमेरिकेत त्यावर दावा झाला आणि २०१६ साली तडजोड झाली.

युबिसॉफ्ट कंपनीचा ‘द क्रू’ हा मोटारशर्यतीचा खेळ २०१४ साली निघाला. एकट्याने खेळावयाचे म्हटले तरी तो कंपनीच्या सर्व्हरवाचून चालत नसे. ३१ मार्च २०२४ रोजी ते सर्व्हर बंद झाले आणि खेळ जगभर एकदम मेला. ज्यांच्या कपाटात त्याची तबकडी होती, त्यांच्या हाती केवळ तबकडी राहिली. २०२५ साली आलेल्या निन्टेन्डो स्विच २ साठीच्या काही कार्डांत तर खेळ मुळी नसतोच. असते ती खेळ उतरवून घेण्याची किल्ली. ही निदान दुसऱ्याला देता तरी येते. दुकानातून थेट यंत्रावर उतरविलेला खेळ मित्राला उसना देता येत नाही, की जुन्या बाजारात विकता येत नाही.

रोनाल्ड कोस या अर्थशास्त्रज्ञाने १९७२ साली टिकाऊ वस्तूंच्या मक्तेदाराविषयी एक मार्मिक विचार मांडला होता. टिकाऊ वस्तू विकणाऱ्याचा खरा प्रतिस्पर्धी म्हणजे त्याने काल विकलेला माल. म्हणून अशा मक्तेदाराला वस्तू विकण्यापेक्षा भाड्याने देणे अधिक सोयीचे असते. आयबीएम कंपनी आपली गणनयंत्रे भाड्यानेच देत असे. १९५६ साली अमेरिकन शासनाबरोबर झालेल्या न्यायालयीन समझोत्यान्वये तिला ती विकण्यासही काढावी लागली. आजच्या कंपन्यांनी यापुढची मजल मारली आहे. त्या किंमत घेतात विक्रीची आणि अधिकार ठेवतात भाड्याचे. मुंबईकराला हा प्रकार पागडीच्या खोलीवरून चटकन समजेल. मात्र पागडीच्या भाडेकरूला भाडेनियंत्रण कायद्याचे कवच असते. या नव्या पागडीदाराला तेही नाही. त्याला असते न वाचता मान्य केलेले अटींचे भेंडोळे.

न्याय्य आक्षेप

कंपन्यांची बाजूही ऐकली पाहिजे. ‘नो मॅन्स स्काय’ हा खेळ २०१६ साली आला तेव्हा आश्वासने मोठी आणि माल थोडा, अशी त्याची संभावना झाली. त्याच्या कर्त्यांनी पुढे वर्षानुवर्षे विनामूल्य अपडेट देऊन त्याचा कायापालट केला. ‘सायबरपंक’ही सप्टेंबर २०२३ च्या अपडेटपर्यंत बराच सुधारला होता. कार्ट्रिजच्या युगात हे अशक्य होते. सर्व्हर चालविण्यास पैसा लागतो. पाचपंचवीस खेळाडूंसाठी ते अनंत काळ चालू ठेवा, असे कोणी म्हणणार नाही. जाळ्यावरून खेळावयाच्या खेळांत लबाडी करणाऱ्यांना रोखण्यासाठीही वारंवार दुरुस्त्या कराव्या लागतात. हे सारे मान्य. तेव्हा तक्रार दूरवरून होणाऱ्या दुरुस्तीविरुद्ध नाही. दोरी एकाच्या हाती आणि जबाबदारी कोणाच्याच हाती नाही, ही तक्रार आहे.

ग्राहक जागा झाला तर कंपन्या ऐकतात, असाही अनुभव आहे. २०१३ साली मायक्रोसॉफ्टने एक्सबॉक्स वनसाठी दर २४ तासांनी इंटरनेटवरून पडताळणीची आणि जुन्या खेळांच्या हस्तांतरावर निर्बंधांची घोषणा केली. ओरड इतकी झाली, की त्याच जून महिन्यात ती योजना मागे घ्यावी लागली. कॅलिफोर्नियात १ जानेवारी २०२५ पासून असा कायदा अमलात आहे, की ग्राहकाला केवळ परवाना मिळत असेल तर ते स्पष्ट सांगितल्यावाचून विक्रेत्याने ‘विकत घ्या’ असे शब्द वापरू नयेत. युरोपात ‘द क्रू’ बंद पडल्यानंतर उभ्या राहिलेल्या चळवळीच्या निवेदनावर २०२५ मध्ये दहा लाखांहून अधिक नागरिकांनी सह्या केल्या. विकलेले खेळ निकामी करून सोडू नका, एवढीच तिची मागणी आहे. आणि युबिसॉफ्टनेही २०२४ मध्ये ‘द क्रू’च्या पुढील खेळांसाठी सर्व्हरवाचून खेळण्याची सोय जाहीर केली. म्हणजे ती देता येत होती.

आपल्या कायद्याचा आधार

आपल्याकडे हे कन्सोल विकले जातात, तीच दुकाने आणि त्याच अटी येथेही लागू होतात. आपला कायदा यात अगदीच निःशस्त्र नाही. तबकडीवर विकलेली तयार संगणकप्रणाली हा करपात्र ‘माल’ होय, असे सर्वोच्च न्यायालयाने टाटा कन्सल्टन्सी सर्व्हिसेसच्या खटल्यात २००४ साली ठरविले. १९३० च्या मालविक्री कायद्याच्या चौदाव्या कलमात खरेदीदाराला मालाचा निर्वेध उपभोग घेता येईल, ही हमी करारात वेगळे काही ठरले नसल्यास गृहीत धरली आहे. विक्रीला परवाना म्हणण्याचा कंपन्यांचा अट्टाहास कशासाठी असतो, हे यावरून उमगावे. परंतु २०१९ च्या ग्राहक संरक्षण कायद्याने ‘अन्याय्य करार’ ही कल्पनाही आणली आहे; वाजवी कारणावाचून एका पक्षाने एकतर्फी करार संपुष्टात आणण्याची अट तीत मोडते. ग्राहक पंचायतीच्या चळवळीने महाराष्ट्राला वजनमापातली चोरी ओळखावयास शिकविले. अदृश्य मालातली वजनमापे तपासणे, हे तिच्या पुढचे काम आहे.

मागण्या अवास्तव नसाव्यात. पहिली, विकताना ही विक्री आहे की परवाना, आणि खेळ निदान कोणत्या तारखेपर्यंत चालेल, हे किमतीच्या शेजारीच छापावे. दुसरी, दोषदुरुस्तीचा अपडेट आणि नवी भर घालणारा अपडेट वेगळे असावेत. दुसरा नाकारला म्हणून पहिला अडवू नये. तिसरी, जाहिरातीत दाखविलेला गुण अपडेटने काढून घेतला तर भरपाई द्यावी. चौथी आणि सर्वांत महत्त्वाची, सर्व्हर बंद करण्यापूर्वी एक शेवटचा अपडेट असा द्यावा, की ज्यायोगे खेळ सर्व्हरवाचून चालू राहील. ज्या कंपनीला हे कोणत्याही कारणाने शक्य नसेल, तिने ‘विक्री’ हा शब्द वापरू नये आणि किंमतही भाड्याचीच लावावी.

हा प्रश्न खेळांपुरता राहणार नाही. दूरचित्रवाणी संच, मोटारी, घरातली लहानमोठी यंत्रे, सर्वांना हळूहळू हीच अदृश्य दोरी बांधली जात आहे. खेळ मेला तर संध्याकाळ वाया जाते. मोटार किंवा वैद्यकीय उपकरण असे बंद पडले तर केवढा अनर्थ होईल, हे सांगण्याची गरज नाही. म्हणून तत्त्वाचा निकाल आजच, वस्तू क्षुल्लक आहे तोवर लागलेला बरा. विक्रेत्याने विकलेल्या मालावरचा हात एक तर सोडावा, किंवा तो हात आहे तोवर मालाचे उत्तरदायित्वही घ्यावे. विकल्याचे पैसेही घ्यावयाचे आणि मालकीही राखावयाची, हे कोणत्याही बाजारात चालू देता कामा नये.